लखनौ, मलमलीचे सात पदर आणि ओझोनमधलं भोक

शनिवार, १५ नोव्हेंबर, सकाळचे अकरा चाळीस. लखनौच्या एका शाळेच्या सभागृहात विज्ञान प्रदर्शनाच्या परीक्षकांनी सईच्या मॉडेलच्या कागदावर 'संकल्पना चुकीची' असा शेरा मारला.

सई माझ्या भाचीची, मनीषाची मुलगी, आठवीत. वडील हवाई दलात, म्हणून मुक्काम लखनौला. 'मावशीआजी, मेरा मॉडल देखने आओ ना,' असा तिचा फोन आला. मी जन्मभर रसायनशास्त्र शिकवलेली बाई, नागपूरहून निघालेच. तुम्ही जाणार असाल तर चारबाग स्टेशनवर घेरणाऱ्या ऑटोवाल्यांकडे न बघता मेट्रो पकडा, आलमबागला उतरा. तिथून शाळा आहे त्या 'वृंदावन योजना' वसाहतीपर्यंत शेअर ऑटो वीस-तीस रुपयांत नेतो. तो मधे चारदा थांबेल, वैतागू नका. शुक्रवारी सकाळी जुन्या शहरातल्या 'चौक' भागात मक्खन मलाई खाल्ली. नुसता केशरी फेस, हिवाळ्यातच मिळतो, आणि ऊन चढायच्या आत संपतो.

मॉडेल सुरेख होतं. वर टॉर्चचा सूर्य, खाली मातीची पृथ्वी, मधे ओझोनचा थर म्हणून मलमलीचे सात पदर. रॉकेटं उडाली की सई एकेक पदर काढायची आणि पृथ्वीवर उजेड वाढायचा.

"बेटा, इसमें छेद कहाँ है?" परीक्षक म्हणाले.

"सर, छेद नहीं होता. परत पतली होती है."

"रॉकेट आर-पार जाएगा तो छेद तो होगा ना. चिकनकारी का जालीवाला कपड़ा ले लेतीं, दिखता भी अच्छा."

कॉन्व्हेंटच्या सिस्टरांनी आम्हाला चूक दिसली की उभं राहून सांगायला शिकवलं. मी उभी राहिले. रॉकेट म्हणजे सुई नव्हे. घन इंधनाच्या धुरातून क्लोरीनची संयुगं थेट वरच्या थरात सुटतात, केरोसीनची काजळी तिथली हवा तापवते. जुन्या फ्रीजमधल्या वायूंवर बंदी आली म्हणून ओझोन सावरतोय. रॉकेटं अजून मोजकी, म्हणून त्यांचं नुकसानही थोडं, पण उड्डाणं वाढताहेत. मुलगी एवढंच सांगत होती.

"मैडम, आप गार्जियन हैं, बैठ जाइए."

"गार्जियन बाद में, केमिस्ट्री की टीचर पहले."

"पिछले साल जो फर्स्ट आया, उसमें छेद था. बल्ब भी जलता था."

परतताना मनीषा म्हणाली, "मावशी, जाऊ दे ना यार. तसंही आमची बदली येईलच." सई खिडकीबाहेर बघत होती. लखनौच्या कबाबांबद्दल दुसऱ्या कुणीतरी लिहावं. त्या दुपारी मला चव लागली नाही.

नागपूरला पोहोचून बॅग उघडत होते तोच सईचा फोन. "मावशीआजी, टीचर बोल रही हैं छेद काट दो तो नेक्स्ट राउंड में भेज देंगे. काट दूँ?"

"तुला काय वाटतं?"

"गलत है. पर जाना तो है."

आठवीतल्या मुलीला हे उत्तर द्यायला लावलं, हेच या प्रवासातून माझ्या पदरात पडलं. बाकी प्रवास ठीक होता. मी तिला म्हटलं, कात्री ठेव, आधी मला लिहू दे.

तर प्रदर्शनाच्या आयोजकांना: पत्र स्पीड पोस्टाने पाठवलं आहे, तेच इथे जाहीर मांडते. एक तर ओझोनच्या थराला रॉकेट भोक पाडतं याचा आधार दाखवा, नाहीतर शेरा खोडून, सही करून, सात पदरांसकट मॉडेल पुढच्या फेरीला पाठवा. उत्तर लेखी हवं, शुक्रवार, २८ नोव्हेंबर, संध्याकाळी पाचच्या आत, आणि सईच्या नावाने.