बारशाआधी गेलेली

कोकिळाबाईंनी माहेरच्या शेतातून जाणाऱ्या नव्या रस्त्याविरुद्ध नागपूरच्या कोर्टात केस टाकली तेव्हा डोणगावात सगळे हसले. शेत भावाचं, मोबदला भावाला, अन् भांडायला उठली कोण, तर तिकडे संग्रामपुरात नांदून म्हातारी झालेली बहीण! "बुढीले माहेरच्या वावराची हाव सुटली," म्हणे. लोकांच्या तोंडाला हात कोण लावणार?

हाव कसली डोंबलाची! वडील गेले त्याच वर्षी तिने हक्कसोड करून दिली होती. आपल्याकडे बहिणी तेच करतात. हिस्सा भावाच्या नावे सोडायचा, साडीचोळी घ्यायची अन् माहेरचं दार उघडं राहिलं यात समाधान मानायचं. त्या वावरातलं ढेकूळही तिला नको होतं. बांधावरचा कडुलिंब तेवढा राहू द्या, एवढंच मागणं होतं तिचं.

तिचं पहिलं बाळंतपण माहेरी झालं. मुलगी झाली, अन् बारशाआधीच गेली. तान्ह्या लेकराला जाळत नाहीत, पुरतात. कोकिळाबाईंच्या बापाने पोर फडक्यात गुंडाळून नेली, धाकट्या भावाने, वामनने, कडुलिंबापाशी खड्डा खणला. ओल्या बाळंतिणीला उंबऱ्याबाहेर कोण जाऊ देतं? तिने ती जागा पाहिलीच नाही. पुढे मुलगे झाले, नातवंडं झाली. पण दर दिवाळीला माहेरी आली की बाई बांधावर जायची अन् झाडाला तांब्याभर पाणी घालून यायची. का, ते कुणी विचारलं नाही, तिनेही सांगितलं नाही.

वकील होती अर्पिता, लेकीच्या वयाची. अर्जात तिने जुनी झाडं लिहिली, पावसाच्या पाण्याची वाट लिहिली, रस्ता थोडा सरकवता येईल तेही लिहिलं. सगळं खरं होतं. पण ज्याच्यासाठी कोकिळाबाईंचा जीव तुटत होता, ते त्यात कुठेच नव्हतं.

न्यायाधीशांनी शांतपणे विचारलं, "या बाईंचा संबंध काय? जमीन यांची नाही. मालकाची संमती आहे. या त्या गावात राहतही नाहीत. मग रस्त्याने यांचं स्वतःचं काय जातं?"

अर्पिताने मागे वळून पाहिलं. कोकिळाबाईंचे ओठ हलले, पण शब्द फुटेना. मागच्या बाकावर वामनराव मान खाली घालून बसले होते. तेही बोलले नाहीत. अर्ज फेटाळला गेला.

बाहेर आल्यावर कोकिळाबाईंचा बांध फुटला. रडत रडत सगळं सांगितलं. अर्पिता कपाळाला हात लावून बसली. "मावशी, अहो हाच तर तुमचा संबंध होता! आधी काऊन नाही सांगितलं?"

"तिचं बारसंच नव्हतं झालं वो बाई. कागदावर तुमी तिचं नाव काय लिवलं असतं?"

अर्पिता पुन्हा दाद मागायच्या तयारीला लागली. पण मशीन कुणासाठी थांबतं! कोकिळाबाई बांधावर पोचल्या तेव्हा कडुलिंब ट्रॉलीत पडला होता. बांध मोडून, मुरूम टाकून, वरून रोलरही फिरला होता. वामनराव कडेला उभे होते.

"वामन, खड्डा तुनं खंदला होता," त्या म्हणाल्या. "मी नाही बोलू शकली. तू तरी सांगायचं होतं रे."

"ताई," वामनराव म्हणाले, "मले वाटलं, तुले झाडाचा लळा हाय, पोरीचं इसरली असशील. मीच कशाले आठवण देऊ?"

"इसरली?" कोकिळाबाई म्हणाल्या. इतक्या वर्षांत त्याला ती जागा एकदाही विचारली नाही, म्हणून विसरली? पण भांडायचंही त्राण उरलं नव्हतं. सोबत आणलेला पाण्याचा तांब्या त्यांनी दोन्ही हातांत घट्ट धरला होता.

"जागा तं दाखव. एवढं पाणी घालतो अन् जातो मी."

वामनराव मुरमावर गेले. चार पावलं पुढे आले, थांबले, परत मागे गेले. झाड नव्हतं, बांध नव्हता. "इथं," म्हणाले. मग मान हलवली. "नाही ताई... तिकडं असंल." पुन्हा फिरले. मग तिथेच मटकन खाली बसून लहान पोरासारखे रडायला लागले.

कोकिळाबाई कितीतरी वेळ तांब्या घेऊन तशाच उभ्या होत्या.