डाव्या वळणाची शिडी

कॉलेजात झाडू मारायला लागली त्या दिवशी तिला जीवशास्त्राच्या प्रयोगशाळेत एकच ताकीद मिळाली: कोपऱ्यातल्या लाकडी पेटीला हात लावायचा नाही. असं सांगितलं की हात शिवशिवणारच. पण तिने नियम पाळला, बिचारीने. पंधरा दिवसांनी फरशी पुसताना धक्का लागून पेटीच कलंडली, त्याला ती काय करणार?

सर आले तेव्हा ती रंगीत तुकडे परत खणांत लावत होती. ओरडायला उघडलेलं सरांचं तोंड तसंच मिटलं. तिने लालसमोर पांढरा ठेवला होता आणि निळ्यासमोर पिवळा.

"हे कोणी शिकवलं?"

"कुणी नाही, सर. दोन लांब समोरासमोर ठेवले तर खणात मावेनात, दोन आखूड ठेवले तर मध्ये फट राही. मग लांबाला आखूड दिला. लालला दोन भोकं, पांढऱ्याला दोन. निळ्याला तीन, पिवळ्याला तीन. जमलं की!"

सर खुर्चीत बसून पोट धरून हसले. मग सांगू लागले. ही पेटी म्हणजे डीएनएची शिडी. लाल ॲडेनीन, त्याची जोडी थायमिनशी. निळा ग्वानीन, त्याची जोडी सायटोसीनशी. पंचकोनी तुकडा म्हणजे साखर, गोल मणी म्हणजे फॉस्फेट, या दोघांच्या माळेतून शिडीच्या बाजू होतात. एका बाजूच्या पंचकोनाचं टोक वर, तर दुसऱ्या बाजूचं खाली. तेव्हापासून ती पेटीवाली मावशी झाली. शिडीला पीळ कसा द्यायचा ते सांगायचं राहून गेलं आणि सर निवृत्त झाले. जाताना त्यांनी शिडीचं एक पातळ कागदावरचं चित्र दाराच्या काचेवर चिकटवलं, व्हरांड्यातल्या मुलांना दिसावं म्हणून. आतून उजेडात ते मावशीलाही स्वच्छ दिसे. पीळ तिने त्या चित्रावरूनच घेतला.

अकरा वर्षं ती शिडी लावत राहिली. नवे शिक्षक यायचे, मुलांकडून रंग मोजून घ्यायचे आणि जायचे. दरम्यान चाळिसाव्या वर्षी ती दहावी पास झाली. जाऊ म्हणाली, "आता काय, कलेक्टर होणार?" मावशी म्हणाली, "नाही, प्रयोगशाळा सहायक होणार." जावेला वाटलं चेष्टा आहे. चेष्टा नव्हती. दहावी झालेल्या शिपाई-झाडूवाल्यांना त्या जागेसाठी परीक्षा देता येत असे, पण एकदाच. आणि जागाही एकच होती. सायकली दुरुस्त करणाऱ्या नवऱ्याने महिनाभर संध्याकाळचा स्वयंपाक केला, आणि आमटी बिघडली की तो म्हणायचा, "अगं, तू तुझी शिडी बघ. मीठ मी बघतो."

परीक्षेला बाहेरून एक मॅडम आल्या. वेळ चाळीस मिनिटं. मधल्या सळईवर दहा पायऱ्या चढवायच्या, प्रत्येक थोडी फिरवून, आणि कडांना रबरी नळ्यांनी मणी-पंचकोन जोडायचे. मावशीने बाविसाव्या मिनिटाला हात झटकले. मॅडमनी जोड्या तपासल्या, पंचकोनांची टोकं तपासली आणि मान डोलावली. "सुरेख. बाहेर बसा, मी कागद भरते."

ती व्हरांड्यात आली. इथून ती रोज जायची, पण नजर झाडूवर असायची. आज हात रिकामे होते म्हणून तिने वर पाहिलं. काचेवरच्या चित्रातली शिडी समोरून उजवीकडे चढत होती. तिची डावीकडे चढत होती.

क्षणभर तिने मनाची समजूत घातली: उलटी करून ठेवली की होईल सरळ. पण ती सायकलवाल्याची बायको. नटबोल्ट उलटा धरला म्हणून त्याचे आटे बदलत नाहीत, हे तिला माहीत होतं. अकरा वर्षं ती कागद पाठीमागून वाचत होती.

कुणाला कळणार होतं? मॅडमना कळलं नव्हतं. गप्प बसली तर जागा पदरात पडत होती. लाज वाटत होती, आणि रागही येत होता, स्वतःचाच. तिने दार ढकललं.

"मॅडम, सही थांबवा. माझा पीळ उलटा आहे."

मॅडमनी चष्मा काढला, शिडीकडे पाहिलं, काचेकडे पाहिलं आणि लाल झाल्या. "अठरा मिनिटं होती तुमची. आता चौदा आहेत."

"पुरतील," मावशी म्हणाली. पुरणार नव्हती, हे दोघींनाही दिसत होतं.

तिने दहाच्या दहा पायऱ्या सळईवरून उतरवल्या. मग चढवायला लागली. इतक्या वर्षांची सवय, हात आपोआप डावीकडे वळायचे, ती दामटून त्यांना उजवीकडे आणायची. घाम डोळ्यांत उतरला तरी तिने पुसला नाही. वेळ संपली तेव्हा सात पायऱ्या उभ्या होत्या, तीन टेबलावर.

"गप्प बसला असतात तर मी सही करणार होते," मॅडम म्हणाल्या.

"तुमची सही झाली असती हो. पण ते झाकायला मला पुढच्या पोरींनाही उलटंच शिकवावं लागलं असतं."

मॅडमनी कागदावर बराच वेळ काहीतरी लिहिलं. काय लिहिलं ते मावशीने विचारलं नाही. घरी येऊन ती रडली आणि मग जेवली. तीन आठवड्यांनी नेमणुकीचं पत्र आलं, तेव्हा जाऊच आधी पेढे मागायला आली.

पहिल्या दिवशी पांढरा कोट घालून मावशीने ओल्या फडक्याने काचेवरचं चित्र अलगद सोडवलं आणि आतल्या भिंतीवर लावलं, पेटीच्या बरोब्बर वर. व्हरांड्यात चारपाच मुली रिकाम्या काचेला नाक लावून उभ्या होत्या.

"बाहेरून काय बघता गं?" तिने दार सताड उघडलं. "आत या. हात लावा."