डचमधून पाहिलेलं बीजिंग

किस्से हे स्वयंपाकघरातल्या पिशव्यांच्या पिशवीसारखे असतात. एक ओढायला जावं, तर आतल्या चार तिचा कान धरून बाहेर येतात. हॉलंडात फोरबर्गला लेकीच्या घरी शनिवारी संध्याकाळी पुण्या-मुंबईची आयटीतली मुलंमुली जमतात, कॉफी होते आणि कुणीतरी म्हणतंच, "काका, ते बीजिंगचं सांगा ना." मी आधी म्हणतो, की मला नीटसं आठवत नाही, तपशील चुकतील. मग सांगायला लागतो आणि थांबता येत नाही. तपशील चुकले तरी हरकत नाही. त्या दिवशी आम्हाला जे सांगण्यात आलं, त्याहून जास्त चुकणं कुणालाच शक्य नाही.

आधी माणसं. चारच आहेत. एक मी. आयुष्यभर संख्याशास्त्र शिकवलं, म्हणजे कुठल्याच गोष्टीची खात्री देता येत नाही, हे गणित करून सिद्ध करण्याचा पगार घेतला. माझी बायको सुमन. माझे व्याही दादासाहेब, पाटबंधारे खात्यातून मोठ्या पदावरून निवृत्त. यांना जन्मात कधी शंका आलेली नाही. आणि विहीणबाई कुसुमताई. दादासाहेबांच्या वाट्याच्या सगळ्या शंका यांना येतात.

ऑलिंपिकच्या दोन वर्षं आधीची गोष्ट. जावई मंदारने सहा जणांची चीनची ट्रिप बुक केली होती. निघायच्या आठवड्यात त्याच्या प्रोजेक्टचं गो-लाइव्ह, म्हणजे ते प्रत्यक्ष सुरू करायची तारीख आली, तो अडकला, आणि तो अडकला म्हणून आमची मृणालही राहिली. "तुम्ही चौघं जा," तो म्हणाला. "फक्त एक आहे, कंपनी डच आहे. ग्रुप डच, गाइडही डचमध्येच बोलणार."

मी म्हटलं, "मग आपण नको जाऊ या."

दादासाहेब म्हणाले, "प्रोफेसर, मग मी कशासाठी आहे?"

*

दादासाहेबांच्या डचबद्दल सांगायला हवं. फोरबर्गच्या एका सभागृहात ते एक हिवाळाभर डच शिकायला जात. पुढच्या हिवाळ्यात गेले नाहीत. "का हो?" विचारलं, तर म्हणाले, "झालं की शिकून."

बेकरीत ते डचमध्ये पाव मागत. बेकरीवाली इंग्रजीत किंमत सांगे. हे म्हणत, "तिला तिच्या इंग्रजीची प्रॅक्टिस करायची असते बिचारीला."

एकदा गुडघा दुखतो म्हणून ते हाउसआर्टकडे, म्हणजे इथल्या फॅमिली डॉक्टरकडे, एकटे गेले. अर्धा तास डचमध्ये बोलले आणि पॅरासिटामॉल घेऊन परत आले. मी म्हटलं, त्याला गुडघा कळला की नाही कुणास ठाऊक. पण हॉलंडात गुडघा सांगा, दात सांगा नाहीतर मनःस्ताप सांगा, पॅरासिटामॉलच मिळते. त्यामुळे दादासाहेबांचं डच बरोबर होतं की चूक, हे शास्त्रीयदृष्ट्या सिद्ध करता आलं नाही.

*

बीजिंगला पहिल्याच सकाळी हॉटेलच्या लॉबीत गाइड आली. लिन नावाची तिशीतली मुलगी, हातात पिवळी छत्री. बीजिंगमध्येच डच शिकलेली, हॉलंड कधीही न पाहिलेली. ग्रुपमधल्या वीसेक उंच डच माणसांमध्ये आम्ही चार बुटके पाहून ती जवळ आली आणि चांगल्या इंग्रजीत म्हणाली, तुमच्यासाठी मी थोडं थोडं इंग्रजीतही सांगत जाऊ का?

मी तोंड उघडणार, तेवढ्यात दादासाहेब पुढे झाले आणि म्हणाले, "वेइ स्प्रेकेन नेडरलांड्स." आम्ही डच बोलतो.

हे वाक्य त्यांचं अगदी निर्दोष आहे. लिन खूश झाली, आसपासच्या चार डच माणसांनी माना डोलावल्या, आणि आमचा दिवस ठरला.

सुमन माझ्या कानाशी म्हणाली, "तुम्ही बोला ना तिच्याशी. हळूच सांगा, इंग्रजीत सांग म्हणून."

मी म्हटलं, "मी मुलीचा बाप आहे."

"मृणालच्या लग्नाला सहा वर्षं झाली."

"म्हणून काय झालं?"

पीएचडीचे दोन विद्यार्थी मी रडवले आहेत. पण मुलीच्या सासऱ्याला चारचौघांत खोटं पाडायचं, हे कुठल्या विद्यापीठात शिकवतात?

*

बस तियानानमेन चौकाशी थांबली. लिन बोलायला लागली. हात पसरून, छत्रीने दिशा दाखवत, मधेच आवाज खाली आणून ती बरंच बोलली. डच मंडळी गंभीर झाली, मग हसली, मग पुन्हा गंभीर झाली. आम्ही दादासाहेबांकडे पाहिलं.

"मोठा चौक आहे म्हणते."

कुसुमताई म्हणाल्या, "एवढा वेळ?"

"बाकीचे शिष्टाचार असतात डचमध्ये."

पुढे सम्राटांच्या जुन्या राजवाड्याच्या दाराशी, एका दगडी सिंहापाशी लिन दोनच शब्द बोलली. त्यावर दादासाहेबांनी आम्हाला मिंग घराण्याचा उदय, अस्त आणि त्यांची कालव्यांची व्यवस्था समजावून सांगितली. कालव्यांवर ते फार छान बोलले. तेवढा भाग खरा असावा, असं मला अजून वाटतं.

सुमनने नंतर विचारलं, "ती दोन शब्द काय बोलली असेल हो?"

"'पायरी सांभाळा' असेल," मी म्हटलं. कारण पुढच्याच पायरीवर मी ठेचकाळलो होतो.

*

राजवाड्याच्या आत मुख्य महालावर खालपासून वरपर्यंत परांची बांधलेली होती. ऑलिंपिकपूर्वीची रंगरंगोटी, हे शेंबड्या पोराला कळलं असतं. लिन दिलगिरीच्या सुरात काहीतरी म्हणाली.

दादासाहेब म्हणाले, "सम्राट मध्येच वारला, त्यामुळे हा महाल अर्धवट राहिला."

परांचीवर पिवळी हेल्मेटं घातलेली माणसं काम करत होती. सुमनने त्यांच्याकडे बोट दाखवलं.

"आता पुरं करतायत," दादासाहेब म्हणाले. "सरकारी काम आहे. खात्यात होतो मी, मला माहितीये."

जवळच पितळेसारख्या धातूचे अजस्र हंडे होते. आदल्या रात्री मी पुस्तकात वाचलं होतं, की आग लागली तर विझवायला त्यांत पाणी भरून ठेवत. दादासाहेबांनी सांगितलं, "यात सैन्याचा भात शिजायचा." मला क्षणभर वाटलं की आता बोलावं. मग वाटलं, पुस्तकातलं तरी खरं कशावरून? पुस्तकं मीही लिहिली आहेत.

सुमन मात्र म्हणाली, "पण ती तर हातांनी आगीच्या ज्वाळा दाखवत होती."

"चुलीच्या," दादासाहेब म्हणाले.

*

जेवणाला फिरत्या चकतीचं गोल टेबल होतं. कुसुमताईंनी सकाळपासून बजावलं होतं, "तेवढं आधी सांगून ठेवा. आम्ही शाकाहारी. अंडंसुद्धा नाही." दादासाहेबांनी लिनला बाजूला घेऊन बराच वेळ सांगितलं. तिनेही मान डोलावली, आत जाऊन आचाऱ्याला सांगितलं.

डच मंडळींना डुक्कर, कोंबडी वगैरे आलं. आमच्यासाठी वेगळं, झाकण घातलेलं ताट आलं. झाकण काढलं तर डोक्यासकट अख्खा मासा.

चकती सावकाश फिरत होती. मासा कुसुमताईंसमोर येऊन थांबला.

"अहो," त्या म्हणाल्या, "निदान डोळे तरी मिटायला सांगा याला. डचमध्ये."

दादासाहेबांनी खुलासा केला, की हॉलंडातले शाकाहारी लोक मासा खातात, त्यामुळे भाषेचा दोष नाही, संस्कृतीचा आहे. हे नेमकं खरं होतं, आणि त्यामुळे मला फार राग आला.

आम्ही पांढरा भात आणि कुसुमताईंच्या पर्समधली शेंगदाण्याची चटणी खाल्ली. शेजारी ग्रुपमधल्या, टिलबर्ग गावच्या एक निवृत्त शिक्षिका बसल्या होत्या. समोर नऊ पदार्थ असताना त्यांनीही पर्समधून पाव आणि चीज काढलं. डच माणूस चंद्रावर गेला तरी उतरल्यावर आधी पाव-चीजचा डबा उघडेल. त्यांनी आम्हाला चीज दिलं, आम्ही त्यांना चटणी दिली. बाईंनी चमचाभर तोंडात टाकली, लालबुंद झाल्या, पाणी प्यायल्या आणि पुन्हा चमचा पुढे केला. सबंध दिवसात दोन देशांमध्ये झालेला हा एकच व्यवहार, ज्यात दादासाहेब मध्ये नव्हते.

*

दुपारी आम्हाला चिनी औषधांच्या दुकानात नेलं. दुकानाला 'संस्था' म्हणत होते. पांढऱ्या कोटातले वृद्ध वैद्य येऊन नाडी बघू लागले. वैद्य चिनीत बोलत, लिन डचमध्ये सांगे आणि दादासाहेब मराठीत.

आता मी हा असा माणूस आहे, की वर्तमानपत्रात कुठल्या आजाराची लक्षणं वाचली तर संध्याकाळपर्यंत मला ती होतात. वैद्यांनी माझं मनगट धरलं. डोळे मिटले. जीभ दाखवायला सांगितली. ती पाहून दुसऱ्या वैद्यांना बोलावलं. मग दोघं खूप वेळ बोलले. लिनचा चेहरा उतरला. तीही खूप वेळ बोलली. टिलबर्गच्या बाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

दादासाहेब म्हणाले, "काही नाही. चालत जा म्हणतात."

"एवढंच?"

"सकाळचं चालत जा."

मग त्यांची स्वतःची पाळी. वैद्य एक शब्द बोलले, लिन एक शब्द बोलली. दादासाहेबांनी सांगितलं, "हृदय पंचविशीतल्या तरुणासारखं आहे म्हणतात."

कुसुमताई म्हणाल्या, "मग ती तुम्हाला गोळ्यांचे दोन डबे का देतेय?"

शेवटी पाहिलं तर सगळ्यांच्या हातात त्याच तपकिरी गोळ्या होत्या. अख्ख्या बसला एकच रोग निघाला. माझं काय निदान झालं होतं, ते मला आजतागायत माहीत नाही. मी रोज सकाळी चालतो.

*

संध्याकाळी स्वर्गमंदिराच्या बागेत लिनने सगळ्यांना मोकळं सोडलं आणि कुठे भेटायचं ते सांगितलं. दादासाहेबांनी सांगितलं, "आलो त्याच दरवाज्यात."

आम्ही त्याच दरवाज्यात उभे राहिलो. चिनी म्हातारे पत्ते खेळत होते, म्हाताऱ्या रेडिओ लावून नाचत होत्या. उंच माणूस एकही दिसेना. मी पासपोर्टचा खिसा चाचपत होतो. हॉटेलचं नाव चिनीत लिहिलेला कागद बसमध्ये राहिला होता.

दादासाहेब म्हणाले, "डच लोक वेळेचे पक्के. येतीलच." आणि जरा लांब जाऊन, आमच्याकडे पाठ करून उभे राहिले. पाठमोरे ते मला पहिल्यांदाच म्हातारे वाटले.

कुसुमताई माझ्याजवळ आल्या. "सर, तुम्ही शिकलेले आहात. मला खरं सांगा. ह्यांना डच येतं का?"

दादासाहेबांना ऐकू जात होतं. त्यांची मान जराही हलली नाही.

मी म्हटलं, "माझ्यापेक्षा चांगलं येतं."

यात एक शब्दही खोटा नव्हता. कुसुमताईंनी माझ्याकडे असं पाहिलं, की मृणालला सासरी कसं वाटत असेल, याची मला प्रथमच कल्पना आली.

तेवढ्यात पिवळी छत्री धावत येताना दिसली. लिन घामाघूम झाली होती. सगळी बस दुसऱ्या दरवाज्याशी आमची वाट बघत होती. त्या क्षणी ती इंग्रजीत बोलली असती, तर सगळं तिथंच संपलं असतं. तिने दादासाहेबांकडे नीट पाहिलं आणि ती डचमध्येच बोलली. फक्त अगदी सावकाश.

"काय म्हणाली?" कुसुमताईंनी विचारलं.

"चला म्हणाली," दादासाहेब म्हणाले. त्या दिवसातलं हे एकच भाषांतर मी छातीठोकपणे बरोबर मानतो.

*

परतीच्या बसमध्ये डच मंडळींनी ठरवलं, की गाइडचे आभार मानायला हवेत, आणि ते सगळ्यांत लांबून आलेल्या पाहुण्यांनी मानावेत. डच बोलणारे भारतीय आजोबा म्हणून दादासाहेब एव्हाना बसभर प्रसिद्ध होते. टिलबर्गच्या बाईंनी लिनच्या हातातला माइक घेऊन सरळ त्यांच्या हातात दिला.

कुसुमताई ताठ बसल्या. "आता ऐकतेच," म्हणाल्या.

सुमनने माझा हात धरला. मी खिडकीबाहेर क्रेन मोजायला लागलो.

दादासाहेब उभे राहिले. घसा साफ केला. "वेइ स्प्रेकेन नेडरलांड्स," म्हणाले. लोकांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या थांबल्या. पुढे काही येईना. बस सिग्नलला उभी होती, त्यामुळे इंजिनाच्या आवाजाचाही आधार नव्हता.

मग दादासाहेब मराठीत बोलायला लागले.

"बाई, तू दिवसभर बोललीस. मला त्यातलं एक अक्षर कळलं नाही. हे तुला स्वर्गमंदिराच्या दरवाज्यात कळलं, आणि मला वाटतं त्याच्या आधीच कळलं असावं. पण माझ्या व्याह्यांसमोर आणि माझ्या बायकोसमोर तू मला उघडं पाडलं नाहीस. माझ्या खात्यातल्या माणसांनीसुद्धा मला इतकं सांभाळून घेतलं नव्हतं. तुझं भलं होवो. तुला चांगला नवरा मिळो. असेल तर तो कमी बोलणारा असो."

आणि खाली बसले.

वीस डच माणसं एकमेकांकडे बघत होती. लिन उठली, माइक हातात घेतला, दादासाहेबांकडे बघून किंचित वाकली आणि डचमध्ये त्यांच्या भाषणाचं भाषांतर करू लागली. मराठीच्या तिप्पट वेळ बोलली. मधे एकदा छातीवर हात ठेवला, एकदा बाहेरच्या शहराकडे केला. डच लोक हसले, मग गप्प झाले, मग उभं राहून टाळ्या वाजवू लागले. टिलबर्गच्या बाई रुमालाने डोळे पुसत होत्या.

टाळ्या ओसरल्यावर कुसुमताई नवऱ्याकडे वळल्या.

"काय म्हणाली हो ती?"

दादासाहेबांनी चष्मा काढून पुसला, परत घातला.

"मी म्हणालो तेच."