डॉ. नवाथ्यांचं डावं-उजवं

बाळ नवाथे घराबाहेर पडला की सुनीतीवहिनी बाल्कनीत येऊन उभ्या राहतात. नवऱ्याला निरोप द्यायला नव्हे. फाटकातून तो कुठल्या बाजूला वळतो ते बघायला. वाण्याकडे जायचं तर डावीकडे, बसस्टॉपवर जायचं तर उजवीकडे, एवढाच आमच्या कर्वेनगरच्या सोसायटीचा भूगोल. तो बाळला इतक्या वर्षांत जमलेला नाही. चुकीच्या बाजूला वळला की वरून एकच शब्द येतो, "दुसरी!" आणि बाळ मान वर न करता जागच्या जागी वळून चालू लागतो. समोरच्या दारातला शेजारी म्हणून ही करमणूक मी फुकटात बघत आलो आहे.

गंमत अशी, की हा माणूस डावं-उजवं याच विषयातला डॉक्टर आहे. पाषाणच्या बाजूला एका प्रयोगशाळेत त्याने सगळी नोकरी रेणूंचे डावे-उजवे ओळखण्यात घालवली. आपले दोन हात दिसायला सारखे, पण डाव्याचा हातमोजा उजव्याला बसत नाही. तसे काही रेणूही जोडीने असतात, एकमेकांची आरशातली प्रतिबिंबं असावीत तसे. एकाला पुदिन्याचा वास, तर त्याच्याच जुळ्याला शहाजिऱ्याचा. एक औषध, तर दुसरा कधीकधी विष. या विषयावर बाळची परदेशात भाषणं झाली. तिथे विमानतळावर न्यायला माणूस येतो, म्हणून झाली. पुण्यातल्या भाषणांना वहिनी त्याला नेऊन सोडायच्या आणि सभागृहाच्या दारातून आत ढकलूनच परत फिरायच्या.

"अरे, रेणूचं कळतं आणि रस्त्याचं कळत नाही?" असं मी त्याला एकदा विचारलं. या प्रश्नाची तो वाटच बघत असावा.

"डावं-उजवं वस्तूत नसतंच," तो म्हणाला. "कोण बघतंय आणि कुठून बघतंय, ते आधी ठरवावं लागतं. रेणूकडे कुठल्या बाजूने बघायचं याचा आम्ही नियम केलाय. रस्त्याला असा नियम कोणी केलाय?"

"केलाय," वहिनी आतून म्हणाल्या. "वाहनं डावीकडून चालवावीत."

स्कूटर बाळ चालवतो, पण नेतात वहिनी. मागे बसून त्या ज्या खांद्यावर थाप मारतील त्या बाजूला तो वळतो. एकदा वहिनी माहेरी गेल्या असताना आम्हा दोघांना खडकवासल्याला जाऊन पिठलं-भाकरी खायची लहर आली. मी मागे बसलो. मला कोणाच्या खांद्यावर थापा मारायची सवय नाही, म्हणून मी तोंडाने सांगत गेलो. आम्ही कात्रजला भेळ खाल्ली.

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं. गेल्या भाद्रपदात मात्र हसू आवरावं लागलं.

त्या वर्षी आषाढात वहिनींचा गुडघा बदलला होता. त्या घरात वॉकर घेऊन चालायच्या, आणि त्यांच्या मनाला त्याहून मोठा घोर होता. त्यांची एकुलती एक मुलगी सलोनी येरवड्याला राहते. तिचा नवरा केयूर आयटीत आहे, तीही आयटीत. सलोनीला दिवस गेले होते, आठवा महिना सरत आला होता, आणि सोनोग्राफीत दिसलं की पोटातलं मूल उलटं आहे. डोकं वर, पाय खाली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, अजून वेळ आहे, वळेल. नाही वळलं तर सिझेरियन करू, घाबरायचं कारण नाही. सलोनी घाबरली नाही. केयूरने इंटरनेटवर सगळं वाचलं, त्यामुळे तो थोडा घाबरला. वहिनी मात्र आतून हादरल्या. आपल्याकडे अशा मुलाला पायाळू म्हणतात, आणि वहिनींच्या आईचं पहिलं मूल असंच पायाळू येताना गेलं होतं. काळ वेगळा होता, खेडं होतं, दवाखाना नव्हता, हे वहिनींनाही ठाऊक होतं. पण ठाऊक असल्याने काळजी जाते असं कोण म्हणतं?

त्यातच गणपती आले. दरवर्षी मूर्ती वहिनी स्वतः निवडतात. शाडूची, बसलेली आणि डाव्या सोंडेची. उजव्या सोंडेचा गणपती कडक, त्याचं सगळं साग्रसंगीत व्हावं लागतं, चूक खपत नाही, ही त्यांच्या माहेरची पक्की समजूत. बाळचा देवाशी संबंध मोदकापुरता. तो यावर कधी काही बोलत नसे. या वर्षी वहिनींना जिना उतरवेना, म्हणून मूर्ती आणायचं काम त्याच्यावर आलं.

"डाव्या सोंडेचा," वहिनींनी बजावलं.

"डावं कोणाचं? बघणाऱ्याचं की गणपतीचं?"

"गणपतीचं. सोंड त्याची आहे."

"हे बरोबर विचारलंस बघ," बाळ स्वतःलाच म्हणाला.

मी गाडी घेऊन त्याच्याबरोबर गेलो. त्याला स्टॉलपाशी उतरवलं आणि गाडी लावायला जागा शोधत फिरलो. चतुर्थीच्या आधल्या दिवशी पुण्यात गाडी लावायला जागा मिळवणं ही स्वतंत्र तपश्चर्या आहे. ती आटोपून मी पोचलो तेव्हा बाळ मूर्ती पाटावर घेऊन उभा होता आणि रीतीप्रमाणे मूर्तीच्या तोंडावर रुमाल टाकलेला होता. स्टॉलवाला रविराज मला बाजूला घेऊन म्हणाला, "काका तुमच्याबरोबर आहेत ना? फळीवर चढून गणपतींच्या रांगेत उभे राहिले होते, रस्त्याकडे तोंड करून. दोन पोरींनी सेल्फी पण काढली." मी म्हटलं, ते शास्त्रज्ञ आहेत. रविराजने समजूतदारपणे मान हलवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गुरुजी आले. पुढची सात घरं त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होती. वहिनी खुर्चीवर, बाळ पाटावर, मी दारात आरतीचे टाळ घेऊन. गुरुजींनी रुमाल काढला आणि मंत्र म्हणता म्हणता थांबले.

"उजव्या सोंडेचा आणलात? वा. हिंमत आहे."

मी बाळकडे बघितलं, बाळ गणपतीकडे बघत होता. फळीवर उभं राहून, गणपतीसारखं तोंड करून, त्याने आपलं डावं शोधलं होतं आणि ते अगदी बरोबर सापडलंही होतं. पण मग त्याच्यातला शास्त्रज्ञ जागा झाला. आपलं डावं-उजवं नेहमी चुकतं, तर आजही चुकलं असणार. तेव्हा उत्तर उलटं करून घ्यावं. असं त्याने नंतर मला सांगितलं, तेही अजून आपला तर्क बिनचूक असल्यासारखं. आयुष्यात एकदा बरोबर आलेलं उत्तर या गृहस्थाने सुधारून घेतलं होतं.

एरवी मी आठवडाभर हसलो असतो. पण वहिनींकडे लक्ष गेलं. "आणलाय ना? मग बसवा," एवढंच त्या गुरुजींना म्हणाल्या. बाळवर चिडल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. त्या चिडल्या नाहीत, नुसत्या पांढऱ्या पडल्या. लेकीचं मूल उलटं आणि घरातला गणपती उलटा, ही गाठ त्यांच्या मनात बसलेली मला दारातूनही दिसली. गुरुजी म्हणाले, "वहिनी, भाव महत्त्वाचा." त्यावर त्या हसल्या, पण ते हसू गुरुजींच्या समाधानासाठी होतं.

पूजा झाली आणि गुरुजी चपला शोधू लागले, तेव्हा बाळने त्यांना जिन्यात गाठलं. "याचं जे काय कडक असतं, ते सगळं मला सांगा. काही गाळू नका."

गुरुजींनी सांगितलं. घर रिकामं ठेवायचं नाही, आरती वेळेवर, नैवेद्य घरचा आणि सोवळ्यातला. नवाथ्यांचे मोदक कोपऱ्यावरच्या पोळीभाजी केंद्रातून यायचे होते. बाळने तिथे फोन करून नको म्हणून सांगितलं, परत आंघोळ केली, माझ्याकडून सोवळं मागून नेलं आणि नेसला. कसं नेसला हे मी सांगणार नाही. देवाने बघून घेतलं असेल. मग तो स्वयंपाकघरात गेला. वहिनींनी वॉकर ओढत खुर्ची दारात घेतली.

त्यानंतरचे दोन-अडीच तास मी जे बघितलं त्याला तिकीट लावायला हवं होतं. उकड मळताना बाळ परातीशी भांडत होता. पारीला कळ्या पाडायच्या म्हणजे चिमटी एकाच दिशेने पुढे सरकवायची. बाळची चिमटी मध्येच परत फिरे आणि मोदकाचं तोंड दोन्हीकडून मुरडलं जाई.

"इकडून तिकडे घ्या," वहिनी म्हणत.

"इकडून म्हणजे माझ्या इकडून की तुझ्या?"

"मोदकाच्या!"

पहिले मोदक बघून मी म्हटलं, हे गणपतीला दाखवू नका, उंदरालाच द्या. वहिनी फस्सकन हसल्या आणि लगेच हसल्याबद्दल देव्हाऱ्याकडे बघून हात जोडले. पण शेवटचे काही मोदक खरंच मोदकासारखे झाले. आरतीनंतर बाळने स्वतःभोवती प्रदक्षिणा घातली ती अर्थातच उलटी. वहिनींनी बोट फिरवून दाखवलं, तेव्हा तो तेवढ्याच भक्तिभावाने पहिली प्रदक्षिणा उलगडून पुन्हा घालू लागला. दिवसभर तो घराबाहेर पडला नाही, फोनवर बोलला नाही, वहिनींच्या शेजारी बसून राहिला. सलोनीचा फोन आला तेव्हा बाबा सोवळ्यात आहेत हे ऐकून तिनेच विचारलं, "आई, बाबांची तब्येत बरी आहे ना?"

दीड दिवसाचा गणपती. दुसऱ्या दिवशी दुपारी निरोपाची पूजा झाली. तेव्हा मूर्ती जागेवरून थोडी उत्तरेकडे सरकवायची असते. उत्तर कुठे? बाळने मोबाइलमधलं होकायंत्र उघडलं. होकायंत्र म्हणालं, फोन हवेत आठच्या आकड्यासारखा फिरवा. बाळ गणपतीसमोर उभा राहून फोन ओवाळू लागला. काटा एकदा स्वयंपाकघर दाखवी, एकदा लोखंडी कपाट. "कपाटामुळे फिरतोय," बाळ म्हणाला. "शिवाय चुंबकाची उत्तर आणि खरी उत्तर यांत फरक असतो."

"तेवढा फरक गणपतीला चालतो," वहिनी म्हणाल्या. "सरकवा."

विसर्जनाचा हौद सोसायटीच्या आवारात होता. वहिनींना खाली येता येणार नव्हतं, त्यांनी वरच नमस्कार केला. मी हौदाजवळची गर्दी बघायला खाली उतरलो आणि बाळ का येत नाही म्हणून परत वर गेलो. दार उघडं होतं. वहिनी आतल्या खोलीत होत्या. बाळ मूर्ती उचलायला वाकलेला होता, आणि गणपतीशी बोलत होता.

"चूक माझी आहे," तो हळू आवाजात सांगत होता. "तिने नीट सांगितलं होतं. मला कळत नाही, लहानपणापासून कळत नाही. त्याचा राग तिच्यावर काढू नकोस. आणि पोरीवर तर नाहीच नाही."

मी दोन पायऱ्या मागे उतरलो आणि मोठ्याने खोकत परत चढलो. या माणसाला मी आयुष्यभर चिडवत आलो. त्या क्षणी मला त्याचे पाय धरावेसे वाटले. अर्थात मी तसं काही केलं नाही. आमच्यात तशी पद्धत नाही. "चल रे, रांग वाढतेय," म्हटलं आणि पाटाची एक बाजू धरली.

पुढचे आठवडे वहिनी दर तपासणीनंतर सलोनीला एकच विचारत, "वळलं का गं?" आणि सलोनी म्हणे, "नाही गं, मजेत बसलंय." बाळ ऐकायचा आणि खिडकीपाशी जाऊन उभा राहायचा. नवरात्र लागलं. एका सकाळी सलोनीला दवाखान्यात नेल्याचा निरोप आला. त्यानंतर फोन वाजेना. मी नवाथ्यांकडेच बसून होतो. कोणी चहा केला नाही, कोणी मागितला नाही. वहिनी जपमाळ घेऊन बसल्या होत्या, पण मणी पुढे सरकत नव्हते.

फोन वाजला तेव्हा बाळला तो हिरव्या बटणाने घ्यायचा की लाल बटणाने हेही सुचेना. मी घेतला आणि स्पीकरवर टाकला. केयूर रडत होता की हसत होता ते कळत नव्हतं. "आई, मुलगी झाली! दोघी एकदम ठीक आहेत. सिझेरियनच करावं लागलं. शेवटपर्यंत वळलीच नाही ती!"

वहिनींनी डोळे मिटून घेतले. मग नवऱ्याकडे बघून म्हणाल्या, "वळेल कशी? आजोबांवर गेलीय."

आणि त्या हसायला लागल्या, गुडघा धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. बाळही हसायला गेला, पण त्याला ते जमलं नाही. तो आमच्या दोघांसमोर, भर दिवसा, लहान मुलासारखा रडला.