मल्लूची डावी बाजू

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, देवापुढंही नाही. तुम्हाला का सांगतोय — ते माझं मलाच कळत नाही.

कॉलेजात आमच्या सरांनी अमेरिकन फुटबॉलचं खूळ काढलं. सोलापुरात! आम्ही सगळे कबड्डीतून उचललेले. माझा जिवलग दोस्त मल्लिनाथ क्वार्टरबॅक झाला — म्हणजे चेंडू फेकणारा, सगळा खेळ त्याच्या हातात. मी लेफ्ट टॅकल. माझं काम काय? चेंडूला हातसुद्धा लावायचा नाही. उजव्या हातानं फेकताना मल्लूला डावीकडून येणारा दिसत नाही — त्याला मी अंगावर घ्यायचा, बस्स.

खरं सांगू? क्वार्टरबॅक मला व्हायचं होतं. जिंकलो की पोरं मल्लूला खांद्यावर घ्यायची. मला कोण विचारतंय? नुसता जळफळाट व्हायचा.

एका सामन्यात समोरचा धिप्पाड गडी डावीकडून सुटला. मला दिसला की — चांगला दिसला. मनात आलं, पडू दे एकदा मल्लूला. आणि... मी बाजूला झालो.

मल्लूचा उजवा खांदा गेला. पोलीस भरती तोंडावर आली होती. गोळाफेक कुठल्या हातानं करणार? वर्दी राहिली ती राहिलीच.

सर माझ्यावर खवळले. मी म्हणालो, "कबड्डीची सवय, सर. पाय आपोआप सरकले." सगळ्यांना पटलं — कबड्डीत अंग चुकवलं तर टाळ्या पडतात ना! दवाखान्यात उलट मल्लूच माझी समजूत काढत होता. "रडतुयास कशाला? तुजी काय चूक न्हाय."

तेव्हाच सांगायला हवं होतं. आता कसं सांगू? भवानी पेठेत आमचं दोघांचं चादरींचं दुकान आहे. त्याचा हात खांद्याच्या वर जात नाही. वरच्या फळीवरचे गठ्ठे मी काढतो, आणि तो गिऱ्हाइकाला कौतुकानं सांगतो, "ह्यो हाय म्हणून माजं चाललंय की." दिवसभर त्याच्या शेजारी बसायचं, हसायचं. जीव गुदमरतो हो. पण उठून जाऊ कुठं?

मागच्या महिन्यात त्याच्या छातीत कळ आली. रिक्षात माझा हात घट्ट धरून म्हणाला, "मला काय झालं तर पोरींकडं तूच बघायचं." मी "व्हय" म्हणालो. आणि मनात आलं — हा गेला तर आता सांगायचं कुणाला? सुटलोच की!

मल्लू वाचला. पण रिक्षात, त्याचा हात हातात असताना, मला हलकं वाटलं होतं.