न संपणारी कांडी

मी कॉम्प्युटरवर आवाज कापते, जोडते आणि त्यांच्या तालावर हलणारी चित्रं पडद्यावर पाडते. याला काम म्हणायचं का, हा प्रश्न अप्पांना, म्हणजे माझ्या वडिलांना, कायम पडलेला. पाहुण्यांनी विचारलं की 'कॉम्प्युटरचं कायतरी करते' म्हणून विषय बदलायचे. बाहेर कितीही टाळ्या मिळाल्या तरी मला त्याचा राग यायचाच.

गावी, लोधीपुऱ्यात, घराला लागून त्यांचा कापड विणायचा लूम होता. तो भंगारात जायच्या आदल्या दिवशी मी दिवसभर त्याचा आवाज रेकॉर्ड केला. मग सवयीने साफसफाई केली. लूमचं मधूनमधून थांबणं, अप्पांचं खोकणं, चपलांची फरफट, सगळं पुसलं. उरलेल्या स्वच्छ ठेक्यावर अर्ध्या तासाचा कार्यक्रम बांधला आणि पहिला प्रयोग मुद्दाम गावातच ठेवला. अप्पांनी तो पाहावा, एवढंच मनात होतं.

शाळेच्या हॉलमध्ये पडदा म्हणून त्यांनीच विणलेलं कापड ताणलं होतं. ठेका सुरू झाला, कापडावर उभे-आडवे धागे धावू लागले. पाच मिनिटांत अप्पा उठले. मला वाटलं, निघाले. पण ते सरळ माझ्या टेबलापाशी आले.

"बंद कर. कांडी संपली असंल."

कांडी म्हणजे आडवा धागा नेणाऱ्या धोट्यात बसवलेली सुताची नळी. ती थोड्या थोड्या वेळाने रिकामी होते आणि लूम थांबवून दुसरी घालावी लागते.

"संपत नाही, अप्पा. थांबणं मी काढून टाकलंय."

"मग मी काय करत होतो तिथं तीस साल?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पुसलेलं परत येणार नव्हतं, लूमही गेला होता. मी त्यांना शेजारी बसवलं. "कधी थांबवू ते तुम्हीच सांगा." त्यांनी हात वर केला की मी आवाज तोडायचे, पडदा काळा व्हायचा. त्या शांततेत त्यांची बोटं हवेतच रिकामी कांडी काढायची, नवी बसवायची आणि हात खाली यायचा. समोर बसलेले जुने विणकर माना डोलावत होते.

घरी जाताना धीर करून विचारलं, "आवडलं का?"

"चौथी कांडी लेट थांबवली तू," अप्पा म्हणाले. "उद्या बसू परत. शिकवतो."