बांद्र्याहून आलेला देव

हसायचं तर आत्ताच पोटभर हसून घ्या, म्हणजे पुढं चहा नाकातून यायचा नाय. कारण मी जो घोळ घातलाय ना, तो ऐकून आमची आईसुद्धा आठवडाभर माझ्याकडं बघून पदर तोंडाला लावत होती. सख्खी आई! आता बोला!

तर मी दीपक. शहापूरजवळच्या खर्डीचा. गावात दिप्या. आणि पेशानं पंक रॉक ड्रमर.

झालं? हसलात ना? सगळेच हसतात. मुलगी बघायला गेलो तेव्हा मुलीचे वडील पण असेच हसले होते. मग म्हणाले, "ते ठीक हाय, पन करता काय?"

पंक म्हणजे काय ते आधी सांगतो. तीन सूर, डोक्यात राग आणि दीड मिनिटात गाणं खल्लास. आलाप नाय, तान नाय, नवऱ्याच्या मामाची फर्माईश नाय. म्हणायचं ते बोंबलून म्हणायचं आणि घरी जायचं.

मी मुळात बँजो पार्टीतला. आमचा दामूकाका, म्हणजे बापाचा धाकटा भाऊ, खर्डीत बँजो पार्टी चालवतो. शहापूर असो की मुरबाड, दामूच्या ताशाशिवाय नवऱ्याच्या अंगाला हळद लागत नाय, असं काका म्हणतो. लोक म्हणतात का, ते विचारू नका. मी नीट चालायला लागायच्या आधी त्यानं माझ्या हातात ताशाच्या काठ्या दिल्या. पुढं ताशा झाला, ऑक्टोपॅड झाला, अख्ख्या लग्नसराया मांडवात गेल्या.

एकदा वाशिंदला एका हळदीत वाजवत होतो. नवरीची मैत्रीण माझ्यासमोर येऊन उभी. सगळे नाचतायत आणि ही नुसती माझ्या हातांकडं बघतेय. म्हटलं दिप्या, नशीब उघडलं तुझं! वाजवणं थांबल्यावर ती जवळ आली.

"काय फास्ट वाजवतोस रे! पंक वाजवशील?"

"पंक? ते कुठल्या समाजात वाजवतात?"

तिनं कपाळावर हात मारला आणि मोबाईलवर एक गाणं ऐकवलं. खरं सांगतो, अंगावर काटा आला. इतकी वर्षं माझे हात जे वाजवायला शिवशिवत होते, ते दुसरंच कुणीतरी वाजवत होतं. त्या दिवशी मला लग्न मिळालं नाय, पण बँड मिळाला.

ती रोशनी. दिवसा वाशिंदच्या फॅक्टरीत माल तपासते, संध्याकाळी गाते. गाते म्हणजे काय, शेजारपाजारची कुत्री उठून बसतात. गिटारवर अभ्या, ड्रमवर मी. तिच्या मामाच्या पत्र्याच्या शेडमध्ये प्रॅक्टिस करायचो म्हणून बँडचं नाव 'पत्रा'. आमचं सगळ्यात गाजलेलं गाणं 'धरण उशाला'. शहापूरच्या माणसाला त्याचा अर्थ सांगावा लागत नाय. धरणं आमच्याकडं, पाणी मुंबईला, आणि उन्हाळ्यात टँकरमागं हंडे घेऊन पळणारे पण आमीच. गाजलेलं म्हणजे कल्याणच्या एका कॅफेत वाजवलं होतं. लोक कोल्ड कॉफी पीत बसले होते. एकानं स्ट्रॉ हलवली.

आता काका. काकाचा जीव माझ्यावर, पण पार्टीवर त्याहून जास्त. एक दिवस समोर बसवून म्हणाला, "दिप्या, लग्नसराई तोंडावर आलीय. मना पक्का ताशावाला पायजे. अर्धा हितं, अर्धा तितं, असा कवर चालनार?"

तेव्हाच रोशनीनं बातमी आणली. वैशाखऱ्याजवळ माळशेज रोडला एक कॅम्पिंगची जागा आहे. तिथं रविवारी दुपारी मुंबईच्या लोकांनी बँडांचा कार्यक्रम ठेवला होता. त्याचे आयोजक स्वतः ऐकणार आणि एक बँड पुण्याच्या मोठ्या कार्यक्रमाला नेणार.

मी काकाचे पाय धरायचेच बाकी ठेवले. काकानं सुपारी कातरून तोंडात टाकली.

"त्या दिवशी मुरबाडला हळद हाय. तरी देतो एक रविवार. त्यांनी घेतलाच तर जा खुशाल, माझी आडकाठी नाय. नाय घेतला, तर ताशावर येऊन बसायचा आनि त्या रॉकचा नाव काढायचा नाय. कबूल?"

"कबूल," म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

आता एक गोष्ट नीट ऐका, नायतर पुढचं डोक्यावरून जाईल. आमच्याकडं हळदीत, पालखीत कुणाच्या तरी अंगात वारं येतं. वारं म्हणजे देव. माणूस केस सोडून घुमायला लागतो. अशा वेळी वाजवणाऱ्याचा एक कायदा असतो, आणि काकानं तो मला लहानपणी पाठीत धपाटे घालून शिकवलाय. वारं आलेल्याला मध्येच सोडायचा नाय! गाणं संपू दे, लाइट जाऊ दे, जेवणाची पंगत उठू दे, ठेका तोडायचा नाय. त्याच्यासमोर जायचं, त्याच्या पायाचा ठेका धरायचा आणि हळूहळू उतरवत त्याला खाली बसवायचं. मध्येच सोडलं तर देव अर्ध्या वाटेत लटकतो. आणि मग त्याला उतरवायला तुम्ही जाणार का?

तर तो रविवार. माळावर स्टेज, मागं डोंगर, बाजूला गावदेवीचं देऊळ. समोर मुंबईची पोरंपोरी. काळे कपडे, कुणाचे केस हिरवे, कुणाचे अर्धेच. वैशाखऱ्याच्या हिरामावशीनं कडेला भजी-चहाचं टेबल लावलं होतं. ती त्या हिरव्या केसांकडं बघून दर दोन मिनिटांनी देवळाकडं हात जोडत होती.

"यातले आयोजक कोण?" मी रोशनीला विचारलं.

"गर्दीतच असतात म्हणे. तू वाजव रे, दीड मिनिटाचं काम!"

आमी 'धरण उशाला' सुरू केलं. आणि समोर जे झालं, ते मी आयुष्यात बघितलं नव्हतं. पोरं एकमेकांच्या अंगावर धडका द्यायला लागली! पडतात, उठतात, हसतात, परत धडकतात. पंकवर म्हणे तसंच नाचायचं असतं. मला कोण सांगणार? कॅफेत तर एकच स्ट्रॉ हलली होती!

तरी मी सावरलो. तेवढ्यात मधोमध एक उंच, दाढीवाला बाप्या दिसला. पायात एकच बूट. लांब केस मोकळे सुटलेले आणि डोकं असं गरागरा घुमतंय की विचारू नका. डोळे पांढरे. तोंडातून "हूऽऽऽ!" आणि बाजूला कोण? गावदेवी!

म्हटलं, मेलो. वारं आलं!

गाणं संपलं. रोशनी थांबली, अभ्या थांबला. मी थांबलो? छे! लहानपणीचे धपाटे पाठीत जागे झाले ना!

"थांब रे दिप्या!" रोशनी दात-ओठ खात म्हणाली.

"थांबता येत नाय! वारं आलंय त्याला!"

"कुणाला?"

"तो बघ ना! घुमतोय!"

तिला काय कळणार? वाशिंदला आता बिल्डिंगी झाल्यात, देव पण लिफ्टनं येत असतील. मी स्टँडवरून स्नेअर काढला, म्हणजे ड्रममधला तो पुढचा छोटा ढोल. ताशाच्या पट्ट्यानं गळ्यात अडकवला आणि वाजवत वाजवत स्टेजवरून थेट खाली.

गर्दीनं काय करावं? जल्लोष! गोल करून मला वाट दिली. मी त्या बाप्यासमोर उभा राहिलो आणि ठेका उतरवायला लागलो. पण हा माणूस उतरायचं नावच घेईना. मी समोर आल्यावर त्याला दुप्पट चेव आला. तो उड्या मारतोय म्हणून मी सोडत नाय, आणि मी सोडत नाय म्हणून तो उड्या मारतोय. कुणी कुणाला थांबवायचं?

शेवटी रीतीप्रमाणं विचारलं. विचारावं लागतं. मोठ्यानं ओरडलो, "कोण हायस बाबा? कुठनं आलास?"

तो घुमता घुमता ओरडला, "बांद्रा!"

आमच्याकडं देव डोंगरावरनं येतो, नदीवरनं येतो, वेशीवरनं येतो. बांद्र्यावरनं आलेला मी पहिल्यांदाच बघत होतो. पण देवच तो, कुठूनही येईल. आपण कोण अडवणार?

"काय पायजे तुला?"

"बीअर!"

गेटवरचा म्हातारा वॉचमन कधी येऊन मागं उभा राहिला होता, मला पत्ताच नाय. त्यानं डोक्यावरची टोपी सारखी केली आणि हात जोडले. "बरोबर हाय. कडक देव हाय ह्यो."

झालं! हिरामावशी भजी तशीच तेलात टाकून धावत आली. एका हातात कुंकू, एका हातात लिंबू. "अगो बाय, देव आला! सरा रे, सरा!" मुंबईची पोरं पटापट सरली. काहींनी हात पण जोडले. बाकीचे मोबाईल वर धरून उभे. मावशीनं त्या बाप्याच्या कपाळाला कुंकवाचा हा मोठा मळवट भरला. तो खूश!

वॉचमननं संधी साधली. "देवा, माझ्या पोराचा लगीन कवा जमंल?"

बाप्यानं त्याच्या खांद्यावर हात टाकला. "चिल कर, काका!"

"काय म्हनला गो?" वॉचमननं मावशीला विचारलं.

"थंडा घे म्हनला. घाई करू नको."

"खरा बोलला," म्हातारा डोळे पुसत म्हणाला. "मीच घाई करतो."

इकडं माझे हात भरून आले होते. म्हटलं आता शेवटचा उपाय. मावशीला खूण केली. तिनं लिंबू कापलं, मी एका हातानं ठेका धरला आणि दुसऱ्या हातानं अर्धं लिंबू त्याच्या तोंडात कोंबलं. "दाताखाली धर, देवा! शांत हो!"

बाप्या थांबला. डोळे मिटले. तोंड असं वाकडं झालं की गावदेवी पण बघत असावी. मी ठेका अलगद उतरवला, शेवटची थाप दिली आणि हात जोडले. सगळा माळ चिडीचूप.

बाप्यानं लिंबू चोखून काढलं, माझ्याकडं बघितलं आणि अगदी शांतपणे विचारलं,

"यार, लिंबू झालं, टकीला कुठाय?"

आणि वरून माईकमधून रोशनीचा आवाज आला. रडवेला. "दिप्या… ते आयोजक आहेत रे!"

धरणीमाते, पोटात घे! पण ती तरी कशाला घेतेय? तिला पण मजा येत असणार. मी गळ्यात ड्रम, हातात लिंबाची साल, असा परत स्टेजवर गेलो. खाली मान घालून बसलो. आता काय, परत कुठलीतरी हळद आणि नवऱ्याच्या मामाची फर्माईश! रोशनी माझ्याशी बोलली नाय, नुसतं "वन टू थ्री फोर" म्हणाली. उरलेली तिन्ही गाणी मी अशी बडवली, अशी बडवली, की एक काठी मोडून हिरामावशीच्या कढईत गेली. ड्रमवर शेवटचंच बसतोय, असं समजून वाजवत होतो. डोळ्यातून पाणी येत होतं, कुणाला दिसू नये म्हणून जास्तच डोकं हलवत होतो.

रात्र शेडमध्ये काढून दुसऱ्या दिवशी सकाळी घरी पोचायच्या आधी माझा व्हिडिओ खर्डीला पोचला होता. वॉचमननं तो पोरांकडून घेऊन मुरबाड तालुक्यातला एक व्हॉट्सॲप ग्रुप सोडला नव्हता. खाली लिहिलेलं, 'वैशाखऱ्यात जागृत देव'.

काका ओटीवर बसून तोच बघत होता. मी समोर उभा. तेवढ्यात रोशनीचा फोन. ती एवढ्या जोरात किंचाळली की काकालाही ऐकू गेलं.

"दिप्या, घेतलं! पुण्याला घेतलं आपल्याला! गाणी आवडली, तुझं वाजवणं तर लय आवडलं. पण अट घातलीय."

"कसली?"

"ड्रमर जागेवरनं उठणार नाय, याची हमी द्या म्हणतायत!"

मला हसू का रडू कळेना. काकाकडं बघितलं. त्यानं व्हिडिओ परत पहिल्यापासून लावला. लिंबाचा भाग झाला, मी स्टेजवर गेलो तो भाग झाला. शेवटच्या गाण्याला त्यानं मोबाईल डोळ्याजवळ नेला. मग बाजूला ठेवला.

"गाढवा," काका म्हणाला, "एवढी वरसं माझ्या हाताखाली वाजवलास, आनि वारं वळखता येत नाय तुला? त्या दाढीवाल्याला कुठं वारं आलतं? तो नुसता नाचत होता."

"चुकलं काका."

"वारं तुला आलतं. ह्ये बघ ना, कसा घुमतोस! हळदीत कवा असा घुमला नायस."

काका उठला, कोपऱ्यातला माझा ताशा उचलला आणि माळ्यावर ठेवून दिला.

"आनि वारं आलेल्याला मधी सोडायचा नाय. जा पुन्याला. लग्नसराईचा मी बघतो."

मी वाकून पाया पडलो. वाटलं, आता पाठीवर हात ठेवेल. तर त्यानं हाताला धरून उठवलं आणि आत आईला हाक मारली, "वैनी, एक लिंबू आना! काल भलत्याच्याच तोंडात गेला!"